‘कुणी नाही, मीच’ : डेस्डिमोनाचं शेवटचं वाक्य कसं बोलायचं?

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. कॉलेजच्या गटात शेक्सपिअरच्या ‘ऑथेल्लो’चा शेवटचा अंक बसतोय आणि डेस्डिमोना तुमच्याकडे आहे. व्यभिचाराच्या खोट्या संशयावरून नवऱ्यानं, म्हणजे ऑथेल्लोनं, श्वास कोंडून मारल्यावर ती क्षणभर शुद्धीवर येते. तिची दासी एमिलिया विचारते, हे कुणी केलं? त्यावर ती म्हणते, ‘कुणी नाही. मीच. येते मी. माझ्या दयाळू स्वामींना माझा निरोप सांग. येते!’ आणि जाते. तुमचे दिग्दर्शक म्हणतात, ही पतिव्रतेची क्षमा आहे, तशीच कर. तुमच्या घशाखाली ते उतरत नाही. तालमीला आलेल्या मैत्रिणी त्या वाक्याला हसल्या, एक तर चिडली. ती खोटं का बोलते, आणि आजच्या मुंबईतल्या प्रेक्षकांसमोर हे वाक्य म्हणायचं कसं, असं तुम्ही विचारताय.

मी प्रायोगिक नाटकं बसवत आणि नट शिकवत आलो आहे. हा प्रवेश विद्यार्थ्यांकडून अनेकदा करून घेतला आहे, म्हणून सविस्तर लिहितो. मैत्रिणींच्या हसण्याचं आधी सांगतो. ते मनावर घेऊ नका, पण विसरूही नका. तालमीतला प्रेक्षक सहसा वाक्याला हसत नाही. त्या वाक्यापर्यंत त्याला कुणी आणून सोडलेलं नसतं, म्हणून तो हसतो.

तुमची अडचण त्या एका वाक्यात नाहीच, असं मला वाटतं. ते तुमच्या हातात सुटं आलंय. संहिता उघडा. श्वास कोंडला गेल्यानंतर डेस्डिमोना तीन वेळा बोलते. पहिल्यांदा, ‘खोट्या आळापायी, खोट्या आळापायी खून झाला!’ मग एमिलियानं हाक मारल्यावर, ‘निरपराध मरते आहे मी.’ आणि मग तिसऱ्यांदा तुमचं ते ‘कुणी नाही, मीच’. म्हणजे खून झालाय हे तिनं आधीच सांगून टाकलंय, आपण निर्दोष आहोत हेही. जी बाई नवऱ्याला वाचवण्यासाठीच शुद्धीवर आली असती तिनं तोंडातून पहिला शब्द ‘खून’ काढला असता का? तुमच्या दिग्दर्शकांचा अर्थ तिसऱ्या वाक्याला कदाचित बसेल. पहिल्या दोन वाक्यांना तो बसत नाही, आणि पहिली दोन गाळून तिसरं करता येत नाही.

आता त्या खोलीत काय चाललंय ते नीट बघू, कारण अर्धं उत्तर मांडणीत आहे. एमिलिया बाहेरून दार ठोठावतेय. आत घेण्याआधी ऑथेल्लो पलंगाचे पडदे ओढून घेतो. तसं तो स्वतःच बोलतो. म्हणजे डेस्डिमोनाचं पहिलं वाक्य पडद्याआडून येतं. एमिलियाला ते कुणाचं हेही लगेच कळत नाही. ‘हा कसला आवाज?’ असं ती विचारते आणि मग ओळखते, हा तर बाईसाहेबांचा. हे पहिलं वाक्य कुणाला उद्देशून नाही. त्याच्या आधी काय झालंय पाहा. एमिलिया बातमी घेऊन आलीय की कॅसिओनं, म्हणजे ज्याच्याशी डेस्डिमोनाचं नाव जोडलं गेलंय त्या ऑथेल्लोच्या हाताखालच्या अधिकाऱ्यानं, रॉडरिगो नावाच्या तरुणाला मारलं. ऑथेल्लो विचारतो, ‘आणि कॅसिओ? तो मेला ना?’ ती म्हणते, ‘नाही, कॅसिओ मेलेला नाही.’ यानंतर लगेच पडद्याआडून तो आवाज येतो. डेस्डिमोनानं हे संभाषण ऐकलं की नाही, ते शेक्सपिअर सांगत नाही. मी मात्र नटीला ऐकायला लावतो. ज्या माणसाला बोलावून विचारा म्हणून ती मघाशी गयावया करत होती, तो साक्षीदार जिवंत आहे. ‘खोटा आळ’ हे शब्द मग हवेतून येत नाहीत, त्या बातमीला टेकून येतात.

पडदा उघडतो, एमिलिया जवळ येते. इथून डेस्डिमोना कुणाशी तरी बोलतेय. ऑथेल्लो कुठे आहे? त्याच खोलीत, चार पावलांवर. म्हणजे ज्याला निरोप पोचवायचा तो समोरच उभा आहे. तिला तो दिसतोय का? मला विचाराल तर सगळ्या ‘का’पेक्षा हा प्रश्न मोठा, आणि याचं उत्तर पुस्तकात नाही, तुम्हा तिघांना तालमीत ठरवावं लागेल. दिसत नसेल तर निरोप सरळ आहे: नवरा कुठेतरी लांब आहे, त्याला सांग. मरणाऱ्या मेंदूनं त्याला लांब नेऊन ठेवलंय. खून करणारा वेगळा आणि ‘दयाळू स्वामी’ वेगळा, अशी फाळणी तिनं केलीय. दिसत असेल तर वाक्याचा रंगच बदलतो. ती एमिलियाच्या तोंडून, एमिलियाच्या देखत, त्याच्याशीच बोलतेय, पण त्याच्याकडे न बघता. पहिला पर्याय करुण आहे. दुसरा भयंकर आहे, आणि मला तोच आवडतो. तुमचा रंगमंच लहान असेल तर मात्र दुसरा पर्याय चटकन उपरोधिक वाटतो. ‘दयाळू’ शब्दावर प्रेक्षक टोमणा ऐकतात. टोमणा करू नका. चौथ्या अंकात ती म्हणाली आहे की त्याचा निर्दयपणा माझा जीव घेईल, पण माझ्या प्रेमाला डाग लावू शकणार नाही. हे बोलणारी बाई शेवटच्या श्वासाला टोमणे मारत नाही.

तर मग खोटं का?

उत्तरं बरीच आहेत आणि सगळ्यांना संहितेत काही ना काही आधार सापडतो. प्रेमापोटी ती त्याला वाचवते, हे जुनं उत्तर. त्याचा आधार आत्ताच दिला. दुसरं उत्तर असं की ती खोटं बोलतच नाही. ‘मीच’ म्हणजे हे माझंच करणं आहे, हा माणूस मीच निवडला. पहिल्या अंकात व्हेनिसच्या सेनेटसमोर, बापाच्या देखत उभी राहून तिनं ठणकावून सांगितलंय की मी या मूरवर, ऑथेल्लोवर, प्रेम केलं ते त्याच्याबरोबर राहण्यासाठी, आणि त्यासाठी मी जे धाडस केलं ते जगाला कळू दे. जिनं एवढ्या सभेत आपल्या निवडीची जबाबदारी घेतली, ती मरताना पुन्हा घेते. या वाचनात ती दुबळी राहत नाही, म्हणून हल्लीच्या मुलींना ते आवडतं. मलाही आवडतं, पण त्याच्यासाठी पहिला अंक प्रेक्षकाला माहीत असावा लागतो. तुम्ही फक्त पाचवा अंक करताय; ‘मीच’मधून सेनेट आठवायला प्रेक्षकानं ते पाहिलेलं नाही.

तिसरं उत्तर आजचं आहे. मार खाणाऱ्या बाईला सवय झालेली असते, ती नवऱ्याचं नाव घेत नाही. याबद्दल पुढे बोलतो, कारण मुंबईच्या प्रेक्षागृहात ते टाळता येत नाही.

आणखी एक शक्यता मी तालमीत वापरतो. ती संहितेत लिहिलेली नाही, पण संहिता तिला आडवीही येत नाही. एमिलिया त्या खोलीत एका खुन्याबरोबर एकटी आहे. डेस्डिमोनानं ‘यांनी’ म्हणून बोट दाखवलं तर एमिलियाचं काय होईल? एका विद्यार्थिनीला हा विचार दिल्यावर तिनं एमिलियाचा हात धरला आणि ‘कुणी नाही’ हे शब्द एखाद्या लहान मुलाला गप्प करावं तसे म्हटले. वाक्य एकदम जमिनीवर आलं. क्षमा, त्याग, पातिव्रत्य हे मोठे शब्द गळून पडले आणि एक घाईचं, व्यवहारी काम उरलं. नटाला भावना करता येत नाही, काम करता येतं. म्हणून ‘का’चं उत्तर शोधताना, ज्यातून तुम्हाला काहीतरी करायला मिळेल ते उत्तर घ्या. पुस्तकात ते सर्वांत पटणारं असलंच पाहिजे असं नाही.

आता पतिव्रतेकडे येतो. तुमच्या दिग्दर्शकांना दोष देत नाही. त्यांच्या कानात कोण बोलतंय ते मला ठाऊक आहे. मराठी प्रेक्षकाला मरताना नवऱ्याला वाचवणारी बाई ओळखीची आहे ती सिंधू. ‘एकच प्याला’चा पहिला प्रयोग फेब्रुवारी 1919 मध्ये गंधर्व मंडळीनं बडोद्याला केला, गडकरी गेल्यावर महिन्याभरानं. दारूच्या धुंदीत सुधाकरच्या हातून बाळ जातं, सिंधूवर घाव बसतो, आणि फौजदारापुढे ती नवऱ्याचं नाव येऊ देत नाही. बालगंधर्वांची सिंधू ज्यांनी पाहिली ती पिढी गेली, पण तिची सावली आमच्या नाटकांवर अजून आहे. त्याच्याही आधी, 1890 मध्ये, देवलांनी ‘ऑथेल्लो’चं ‘झुंझारराव’ करून ही गोष्ट मराठी घरात आणली होती. इतक्या वर्षांच्या सवयीनं आपल्याकडे डेस्डिमोनाची सिंधू होऊन जाते, कुणी ठरवून न करताही.

दोघींत साम्य आहे, नाही म्हणत नाही. फरक मात्र तालमीसाठी जास्त कामाचा. सिंधूला वेळ आहे. ती शुद्धीत आहे, समोर कायद्याचा माणूस आहे, आणि आपण काय करतोय हे तिला पूर्ण माहीत आहे. तिच्या जगात त्या खोट्याला पुण्य आहे. डेस्डिमोनाच्या जगात ते पाप आहे. तुमच्या गटानं हे बहुधा लक्षात घेतलेलं नाही, आणि माझ्या मते सगळा प्रवेश यावर उभा आहे.

प्रवेशाच्या सुरुवातीला ऑथेल्लो तिला काय विचारतो? ‘आज प्रार्थना केलीस का?’ एखादं पाप मनावर राहिलं असेल तर आत्ताच कबूल कर, तुझ्या आत्म्याला मला मारायचं नाही, असं तो म्हणतो. ख्रिस्ती समजुतीप्रमाणे पापाची कबुली न देता मेलेला माणूस नरकात जातो. तो शरीर मारायला आलाय आणि आत्मा वाचवतोय, असं त्याला वाटतं. मग रागाच्या भरात तेही विसरतो. ती म्हणते, उद्या मारा, आजची रात्र जगू द्या. निदान अर्धा तास. निदान एक प्रार्थना होईपर्यंत. तो म्हणतो, उशीर झाला. ती एक प्रार्थना तिला मिळत नाही. मिळतात ते नंतरचे तीनचार श्वास, आणि त्यात ती खोटं बोलते. प्रार्थनेच्या जागी खोटं. त्यांच्या जगात, शेवटच्या श्वासाला, हे काय धाडस आहे ते लक्षात घ्या. ती जीव देते असं म्हणणं कमी आहे. जीव त्यानं घेतलाच आहे. ती आत्मा पणाला लावते.

आणि ऑथेल्लोला हे बरोबर कळतं. ती गेल्यावर तो आधी सुटका शोधतो: ‘तिनं स्वतःच सांगितलं ना, हे माझ्या हातून झालं नाही असं?’ एमिलिया म्हणते, ‘म्हणाल्या खऱ्या. जे ऐकलं ते मी सांगेन.’ म्हणजे साक्षीदारही तयार. निसटायची वाट मोकळी आहे. आणि पुढच्याच ओळीत तो म्हणतो, ‘खोटं बोलून ती नरकाच्या आगीत गेली. मारलं तिला मी.’ त्यावर एमिलिया म्हणते की मग ती तेवढीच जास्त देवदूत आणि तुम्ही तेवढेच काळे सैतान.

हे मला नाटकाच्या रचनेतलं सगळ्यांत हुशार काम वाटतं. त्याचा प्रत्यक्ष अनुभव घ्यायचा तर तालमीत एक गंमत करून बघा. डेस्डिमोनानं खरं उत्तर द्यायचं: ‘ऑथेल्लोनं.’ आणि पुढचा प्रवेश तिघांनी आपल्या शब्दांत चालू ठेवायचा. मी जेव्हा जेव्हा हे केलं तेव्हा ऑथेल्लो करणारा मुलगा लगेच स्वतःची बाजू मांडायला लागला: तिनं असं केलं, रुमाल कॅसिओकडे सापडला, इयागोनं (एमिलियाच्या नवऱ्यानं; हा आळ त्यानंच रचलेला) सांगितलं. आरोप झाला की माणूस बचाव करतो. मग पुन्हा मूळ वाक्य घ्या. आता त्याच्याकडे बचाव करायला काही उरत नाही, कारण आरोपच नाही. सगळं त्याच्या अंगावर येतं आणि त्याला स्वतःहून बोलावं लागतं. तिच्या खोट्यामुळे त्याचा कबुलीजबाब बाहेर येतो. तिला हे हवं होतं का? नसावं. पण तुमच्या वाक्याचं नाटकातलं काम हेच आहे आणि ते पार पडायला हवं. वाक्य रडवं झालं तर ऑथेल्लोला काही ऐकूच येत नाही.

आता मुंबईच्या प्रेक्षकांचं. माझ्या पिढीनं ऐंशीच्या दशकात वर्तमानपत्रात ‘स्टोव्हचा भडका उडून विवाहिता भाजली’ अशा बातम्या रोज वाचल्या. खाली बारीक टायपात, जबाबात तिनं कुणाविरुद्ध तक्रार नसल्याचं सांगितलं. विवाहितेच्या छळाचं 498-अ कलम 1983 मध्ये आलं, हुंडाबळीचं 304-ब कलम 1986 मध्ये. ते का आणावं लागलं हे त्या बातम्यांत होतं. मृत्युपूर्व जबाबाला आपल्याकडे पुरावा म्हणून फार किंमत आहे. 1872 च्या पुरावा कायद्यात ते कलम 32 होतं, आता भारतीय साक्ष अधिनियमात 26 आहे. मागची कल्पना अशी की मरताना माणूस खोटं बोलत नाही. डेस्डिमोना नेमकं तेच करते. प्रेक्षकांत बसलेल्या बाईनं कधी एखाद्या मोठ्या रुग्णालयाच्या भाजलेल्यांच्या वॉर्डाबाहेर बसून असा जबाब ऐकला असेल, तर ‘कुणी नाही, मीच’ तिला परकं वाटणार नाही. तुमची जी मैत्रीण चिडली तीही मला वाटतं यामुळेच चिडली. ती बरोबर आहे. तिला चिडू द्या. ही चीड प्रयोगात यायला हवी, पण ती आणायची एमिलियानं, तुम्ही नाही. एमिलिया जेव्हा ओरडते तेव्हा ती प्रेक्षकांच्या वतीनं ओरडते. तुमची एमिलिया कच्ची असेल तर तुम्ही कितीही चांगलं मरा, हसूच येईल. दिग्दर्शकांना सांगा की त्या मुलीबरोबर जास्त वेळ घालवा.

एमिलियाचं मरणही बघून ठेवा. थोड्याच वेळात इयागो तिला भोसकतो आणि ती खरं बोलत मरते. जे मनात तेच ओठांवर ठेवून मी मरते, असंच काहीसं म्हणते. एकाच पलंगापाशी एक बाई खोटं बोलून मेली आणि दुसरी खरं बोलून. शेक्सपिअरनं दोघींना शेजारी ठेवलंय. कुठली बरोबर, ते तो सांगत नाही.

आता शरीराचं बोलू, कारण शेवटी वाक्य शरीरातूनच येणार आहे. श्वास कोंडून मेलेली बाई पुन्हा बोलते कशी, यावर वर्षानुवर्षं वाद झाले आहेत. जुन्या इंग्रजी प्रयोगांत काही ऑथेल्लो ‘अजून मेली नाही?’ म्हणून मग खंजीर वापरत, म्हणजे हळूहळू रक्त जाऊन मरण येतं आणि बोलणं पटतं. शेक्सपिअरनं उशीसुद्धा लिहिलेली नाही. नाटकाच्या 1622 च्या छापील प्रतीत तो तिचा श्वास कोंडतो एवढीच सूचना आहे. माझा सल्ला: वैद्यकीय खरेपणाच्या मागे लागू नका. धापा टाकू नका. धाप लागलेला आवाज शेवटच्या रांगेपर्यंत जात नाही, आणि गेला तरी शब्द जात नाहीत. एकेका श्वासाला एक विचार द्या. ‘कुणी नाही.’ श्वास. ‘मीच.’ श्वास. ‘येते मी.’ मग निरोपाचं वाक्य एकाच श्वासात, सलग, जणू आता श्वास पुरेल अशी खात्री आहे. आणि दुसऱ्या ‘येते’ला श्वास संपलेला. हे तंत्र आहे, पण प्रेक्षकाला ते तंत्र म्हणून दिसत नाही.

एमिलियाच्या प्रश्नानंतर लांब थांबू नका. आपल्याकडे अशा जागी मागून बासरी सोडायची आणि नटीनं डोळे मिटून शून्यात बघायचं, अशी सवय आहे. पार्श्वसंगीत इथे पूर्ण बंद ठेवा. प्रश्नानंतर इतकंच थांबा की ती उत्तर निवडतेय हे दिसेल. त्या अर्ध्या क्षणात ‘निरपराध’ म्हणणारी बाई ‘मीच’ म्हणणारी होते. तुमच्या भूमिकेचा कस तिथेच लागतो. दुसऱ्या वाक्यात तिला न्याय हवा आहे, तिसऱ्यात तिनं तो सोडून दिलाय. हा बदल दिसला तर त्याचं कारण प्रेक्षक आपलं आपण शोधतील, आणि प्रत्येक जण वेगळं शोधेल. दिसला नाही तर कुठलंही कारण तुम्ही मनात धरलंत तरी उपयोग नाही.

चेहरा दिसेल असं झोपा. ही साधी गोष्ट वाटते, पण पलंग आडवा लावला आणि एमिलिया प्रेक्षकांकडे पाठ करून वाकली की तुम्ही गेलात. 1610 मध्ये ऑक्सफर्डला हे नाटक पाहिलेल्या हेन्री जॅक्सन नावाच्या एका विद्वानानं पत्रात लिहून ठेवलंय की डेस्डिमोना आधीही चांगलीच होती, पण मेल्यावर पलंगावर पडून नुसत्या चेहऱ्यानं तिनं प्रेक्षकांची करुणा मागितली. त्या काळी ती भूमिका एक मुलगा करत होता. आपल्या बालगंधर्वांसारखंच. बाई असणं-नसणं यावर हे वाक्य अवलंबून नाही, हे तुमच्या गटातल्या ज्याला वाटतं की ‘मुलीच समजू शकतात’ त्याला सांगा.

एक शेवटची गोष्ट संहितेबद्दल. तुम्ही पाचवा अंकच करताय, पण शक्य असेल तर चौथ्या अंकाच्या शेवटचा तो छोटा प्रवेश जोडा, जिथे एमिलिया तिचे केस-कपडे सोडवतेय आणि ती आईच्या दासीचं ‘विलो’ या झाडाचं गाणं गुणगुणते. गाता गाता एक ओळ चुकून पुढची लागते: ‘कुणी त्याला दोष देऊ नका, त्याचा तिरस्कार मला मान्य आहे.’ आणि ती लगेच थांबते, ‘छे, ही ओळ आत्ता नाही.’ खून व्हायच्या आधीच तिच्या तोंडून ते उत्तर सुटलेलं असतं, आणि ती ते परत घेते. त्याच रात्री मरताना ती ओळ पुन्हा येते आणि या वेळी ती परत घेत नाही. हे गाणं 1622 च्या छापील प्रतीत नाही, 1623 च्या प्रतीत आहे. तुमचं भाषांतर कुठल्या प्रतीवरून केलंय ते तपासा. गाणं नसेल तर नुसत्या त्या दोन ओळी बोलून घेतल्या तरी चालतील. दहाएक मिनिटांचा प्रवेश आहे, स्पर्धेच्या वेळेत बसवायचा तर त्यातलं एमिलियाचं नवऱ्यांवरचं भाषण कापायचा मोह होईल. ते कापू नका, बाकी काहीही कापा. ‘नवरे चुकतात म्हणून बायका बिघडतात’ हे त्या भाषणात ती बोलते तेव्हाच प्रेक्षक तिच्या बाजूला येतो, आणि पाचव्या अंकात ती ओरडते तेव्हा तिच्यामागे उभा राहतो.

दिग्दर्शक क्षमेवरच अडून बसले तर वाद घालू नका. त्यांना एवढंच विचारा, ‘मग “खून” आणि “निरपराध” ही दोन वाक्यं मी कशी म्हणू?’ ती दोन वाक्यं ते कापा म्हणाले तर मात्र ऐकू नका. आणि मेल्यावर पोट हलू देऊ नका. अजून दोनशेच्यावर ओळी तुम्हाला तिथेच पडून राहायचं आहे, शेवटी ऑथेल्लो तुमच्या अंगावर येऊन पडणार आहे, तेव्हा त्याच्या वजनाची तालीम आधीच करून ठेवा.